होडीतलं ‘आपण’ : जंजिऱ्याच्या एक दिवसाच्या सहलीत काय विकलं जातं?

दरवर्षी जूनमध्ये नवीन वर्गाला मराठी शिकवताना माझी सुरुवात एकाच अडचणीपासून होते. उर्दू घरांतून आलेल्या मुलांना ‘हम’ एवढंच ठाऊक असतं. मराठीत या एका शब्दाचे दोन होतात, ‘आम्ही’ आणि ‘आपण’. मी फळ्यावर दोन वाक्यं लिहितो. ‘आम्ही जेवायला चाललोय’ म्हटलं की ऐकणारा घरीच राहतो. ‘आपण जेवायला जाऊ’ म्हटलं की त्याचंही ताट मांडावं लागतं. मुलं हसतात आणि धडा लक्षात ठेवतात.

वीस वर्षं हा धडा शिकवतो आहे. गेल्या जानेवारीत राजापुरीच्या धक्क्यावरून सुटलेल्या एका शिडाच्या होडीत तो मला पुन्हा शिकावा लागला.

कल्याणहून निघणारी एक दिवसाची सहल होती. माणशी १,३५० रुपये. नाश्ता, दुपारची थाळी, होडीचं तिकीट आणि ‘अनुभवी गाईड’ त्यातच. बेगम, नववीतली लेक आणि मी. पहाटे पाचला बस सुटली. बसमध्ये दोन नर्सताई, एक रिक्षाचालक कुटुंबासह, बँकेतून निवृत्त झालेलं एक जोडपं, एमआयडीसीत काम करणारी पाच-सहा पोरं. पेण, वडखळ, अलिबाग, रेवदंडा, कोर्लई, काशीद, मुरुड असा रस्ता. काशीदला तासभर थांबलो. सुरूच्या बनात चहा, पांढरी वाळू, लेकीने ओंजळभर शंख गोळा केले. स्वस्त सहलीची थट्टा करायला मी हे लिहीत नाही. वर्षातून एकदा समुद्र पाहायचा असेल तर आमच्यासारख्यांना हाच रस्ता आहे, आणि तो सुंदर आहे.

दीड तास रांगेत काढल्यावर होडीत बसलो. तीसेक माणसं दाटीवाटीने. शीड उभं राहिलं, वारा भरला आणि माहिती सांगणारा पोरगा मध्ये उभा राहिला. वय पंचविशीच्या आत, आवाज खणखणीत. बावीस एकरांचा किल्ला, बावीस वर्षं बांधकाम, बावीस बुरूज, असा बावीसचा पाढा त्याने म्हटला. मग गोष्ट सुरू झाली.

“आपल्या राम पाटलांचा हा किल्ला. त्यांनी दगा करून घेतला. दारूच्या पिंपात सैनिक लपवले. आपल्या महाराजांनी किती वेळा प्रयत्न केला, पण त्यांनी काही सोडला नाही. तीनशे वर्षं ते आपल्या छातीवर बसून होते.”

आपण, ते. आपण, ते. होडी किल्ल्याला लागेपर्यंत हे दोन शब्द किती वेळा आले, ते मी सवयीने मोजत होतो. तेवढ्यात समोर बसलेल्या सात-आठ वर्षांच्या मुलाने माझ्या लेकीच्या डोक्यावरच्या ओढणीकडे पाहिलं आणि आईला मोठ्याने विचारलं, “आई, हे सिद्दी आहेत का?”

कुणी हसलं नाही. त्याच्या आईचा चेहरा उतरला. तिने पोराला दटावलं आणि पिशवीतून चिक्कीचं पाकीट काढून माझ्या लेकीपुढे धरलं. बाई भली होती. पोरगाही भला होता. त्याने ऐकलेल्या गोष्टीवरून सरळ निष्कर्ष काढला होता. गोष्टीत दोनच बाजू होत्या, एका बाजूला तो बसला होता आणि दुसऱ्या बाजूची माणसं कशी दिसतात हे तो तपासून पाहत होता. त्यामुळे माझा राग त्याच्यावर नाही. माझा राग त्या गोष्टीवर आहे.

गोष्टीतून काय गाळलं जातं?

आधी जे खरं आहे ते मान्य करतो. खडकावर पहिला कोट कोळ्यांचा होता, लाकडाचा, मेढेकोट. राम पाटील त्याचे प्रमुख होते. निजामशाहीच्या पीरम खानाने तो युक्तीने घेतला, ही कथाही परंपरेने चालत आली आहे. शिवाजी महाराजांनी जंजिरा घेण्यासाठी एकामागून एक मोहिमा काढल्या, समोरच्या कासा खडकावर पद्मदुर्ग उभारला. लाय पाटलांनी जिवावर उदार होऊन तटाला शिड्या लावल्या आणि महाराजांनी त्यांचा सन्मान केला. संभाजी महाराजांनी १६८२ मध्ये खाडीत भर घालून सेतू बांधायला घेतला. मोगल स्वराज्यावर चालून आले म्हणून तो अर्धा राहिला. यातला एकही शब्द मला कमी करायचा नाही.

माझं म्हणणं आहे ते गाळलेल्या शब्दांबद्दल.

पहिला गाळलेला माणूस फत्तेखान. हा जंजिऱ्याचा मुख्य सिद्दी. १६७०-७१ च्या सुमारास महाराजांच्या दबावाखाली तो किल्ला त्यांच्या हवाली करायला तयार झाला होता. त्याच्याच हाताखालच्या सिद्दी सरदारांनी त्याला कैद केलं, किल्ला ताब्यात घेतला आणि मोगलांचं छत्र पत्करलं. म्हणजे जंजिऱ्याच्या आतच दोन मतं होती. ‘ते’ एकसंध नव्हते.

दुसरा गाळलेला माणूस दौलतखान. आमची बस अलिबागवरून गेली. तिथून जवळ थळच्या समोर समुद्रात खांदेरी आहे. २०२५ मध्ये युनेस्कोच्या यादीत गेलेल्या मराठ्यांच्या बारा किल्ल्यांत हा एक. १६७९ मध्ये महाराजांनी खांदेरीवर तटबंदी सुरू केली तेव्हा इंग्रज आणि सिद्दी दोघेही तुटून पडले. मराठ्यांच्या बाजूने तिथे मायनाक भंडारी होते आणि आरमार घेऊन लढणारे दौलतखान होते. समुद्राच्या एका बाजूला सिद्दी कासम, दुसऱ्या बाजूला दौलतखान. आता त्या होडीतल्या पोराला मी विचारतो, यातले ‘आपण’ कोण आणि ‘ते’ कोण? नावावरून ओळखायचं म्हटलं तर पंचाईत होईल.

आणि हे आरमार सुरू झालं कुठे? आमच्याच कल्याण-भिवंडीच्या खाडीत. ज्या गावातून बस सुटली तिथे. बसमधल्या ‘अनुभवी गाईड’ने माईकवर अंताक्षरी घेतली, पण हे सांगितलं नाही.

तिसरी गाळलेली गोष्ट म्हणजे सिद्दी होते तरी कोण. पूर्व आफ्रिकेतून, हबसाणातून आलेली ही माणसं. त्यांतले कित्येक गुलाम म्हणून बाजारात विकले गेले होते. मलिक अंबर त्यांपैकीच एक. इथिओपियात जन्मला, अनेकदा विकला गेला आणि शेवटी निजामशाहीचा कर्ता वजीर झाला. मोगलांना दख्खनमध्ये अडवणारा हाच माणूस. खडकी शहर वसवणारा आणि जमीन मोजून महसूल ठरवणाराही हाच. १६२४ च्या भातवडीच्या लढाईत शहाजीराजे त्याच्या बाजूने लढले आणि त्यांचे बंधू शरीफजी तिथेच कामी आले. मलिक अंबर जंजिऱ्याचा नव्हता, पण हबशीच होता. मग शहाजीराजे त्या दिवशी ‘आपल्या’ बाजूने लढले की ‘त्यांच्या’?

आजही उत्तर कन्नडमध्ये, हल्याळ-यल्लापूरच्या जंगलपट्ट्यात सिद्दी राहतात. त्यांच्यात हिंदू आहेत, ख्रिस्ती आहेत, मुसलमान आहेत. गाईडने ज्या शब्दाचा अर्थ ‘मुसलमान शत्रू’ असा करून टाकला, तो मुळात एका उखडल्या गेलेल्या लोकसमूहाचा शब्द आहे.

युक्ती कुणाची, दगा कुणाचा?

पिंपातल्या सैनिकांकडे परत येऊ. गाईडने ‘दगा’ हा शब्द तीनदा उच्चारला. मला आठवले कोंडाजी फर्जंद. १६७३ मध्ये मूठभर माणसांनी पन्हाळा घेणारा हा वीर. संभाजी महाराजांच्या काळात फितूर झाल्याचं नाटक करून तो जंजिऱ्यात शिरला, आतून दारूगोळा उडवायचा बेत होता. तो उघडकीला आला आणि सिद्दीने त्याला मारलं, असं इतिहास सांगतो. कोंडाजीच्या या धाडसाने ऊर भरून यावा असंच ते आहे. माझाही भरून येतो. पण मग शत्रूच्या किल्ल्यात वेषांतर करून शिरणं ही एकाची स्वामिनिष्ठा आणि दुसऱ्याचा दगा कसा ठरतो? सतराव्या शतकात किल्ले असेच घेतले जात होते. युक्तीला जात नसते आणि धर्मही नसतो. आज आपण तिला तो चिकटवतो.

आता आपल्या घरातल्या गोष्टीबद्दल

इथवर वाचून माझे काही मुस्लिम वाचक खूश झाले असतील. त्यांनी जरा थांबावं.

कारण आपल्या मोबाइलवरही एक जंजिरा फिरतो. पाठीमागे नगाऱ्याचं संगीत, वरून ड्रोनचं दृश्य आणि खाली ओळ, ‘जो किला कभी फ़तह न हुआ’. ‘हमारा’ किल्ला. मला हे व्हिडिओ शिकल्या-सवरल्या मित्रांनी पाठवले आहेत. मी त्यांना विचारतो, आपला म्हणजे कुणाचा? सिद्दी निजामशाहीचे चाकर होते, मग आदिलशाहीचे झाले, मग मोगलांचे. १६८९-९० मध्ये औरंगजेबाच्या वतीने त्यांनी मुंबईत इंग्रजांना वेढलं आणि पुढे त्यांच्याच वंशजांनी इंग्रजांचं सार्वभौमत्व मान्य करून संस्थान टिकवलं. त्यांनी दीनसाठी तलवार उपसली नव्हती. एक लहान सत्ता टिकवण्यासाठी उपसली होती, जशी त्या काळी सगळे उपसत होते.

त्यांच्या आरमाराने किनाऱ्यावरची गावं जाळली, माणसं पकडून गुलाम म्हणून विकली. जे स्वतः गुलामीतून वर आले त्यांनीच. १७२७ मध्ये सिद्दी साताने चिपळूणजवळचं परशुरामाचं देवस्थान लुटलं. १७३६ मध्ये चिमाजी आप्पांच्या फौजेशी लढताना तो मारला गेला. ही लूट झाली, ती चूक होती, आणि तसं म्हणताना माझी जीभ अडखळत नाही. सिद्दी साताच्या पापाचा हिशेब माझ्या लेकीच्या ओढणीवर मांडू नका, एवढंच मागणं आहे. आणि हे मागणं करायचं असेल तर त्याच सिद्दीच्या पराक्रमाचा मुकुट स्वतःच्या डोक्यावर घालण्याचा मोह आधी सोडावा लागेल. विजय ‘हमारा’ आणि लूट ‘उन की’, असं चालत नाही. हिशेब घ्यायचा तर पुरा घ्या, नाहीतर वही मिटा.

आपला वारसा शोधायचाच असेल तर तो तटबंदीत शोधू नये. रेवदंड्याशेजारचं चौल हे अरबांचं सैमूर. दहाव्या शतकाच्या सुरुवातीला अल-मसूदी इथे आला तेव्हा राष्ट्रकूटांच्या राज्यात इथे हजारो मुसलमान व्यापारउदीम करून राहत होते, त्यांचा स्वतःचा प्रमुख होता. दिल्लीला सुलतान बसायच्या कितीतरी आधी. तलवारीशिवाय आलो, वाऱ्याबरोबर आलो आणि इथल्या राजाने राहू दिलं, ही आपली पहिली गोष्ट आहे. अलिबागजवळच्या नवगावला याच समुद्राने बेने इस्रायलींना आणून सोडलं. ते मराठी बोलले, तेल गाळलं, शनवार तेली म्हणवले गेले. कोर्लईच्या पायथ्याशी आजही एक गाव पोर्तुगीजमिश्रित बोली बोलतं. पंधराव्या शतकात निकितीन नावाचा रशियन व्यापारी घोडा घेऊन चौललाच उतरला. हा सगळा किनारा होडीतून आलेल्यांचा आणि त्यांना उतरू देणाऱ्यांचा आहे. एवढ्या श्रीमंत रस्त्यावरून आमची बस गेली आणि ‘अक्षर म आलं, म!’ करत गेली.

मुरुडला बस टेकडीखालून जाताना नवाबांचा वाडा दिसला. “खासगी आहे, आत सोडत नाहीत, पुढे चला,” एवढीच माहिती. याच जंजिऱ्याच्या नाझली बेगमने १९०८ मध्ये युरोपचा प्रवास केला आणि त्यावर उर्दूत ‘सैर-ए-युरोप’ लिहिलं. तिची बहीण अतिया फैजी त्याआधी, १९०६ मध्ये, शिक्षक-प्रशिक्षणासाठी लंडनला गेली होती. बी.एड. करताना मी हे नाव ऐकलं नव्हतं, उर्दू वाचताना सापडलं. माझ्या लेकीला मी वाड्याकडे बोट करून हे सांगितलं, तेव्हा दिवसभरात पहिल्यांदा तिने स्वतःहून मोबाइल काढून फोटो घेतला.

“सर, जे चालतं ते सांगतो”

किल्ल्यात पाऊण तास मिळाला. कलालबांगडी तोफेवर हात ठेवून सगळ्यांनी फोटो काढले. गोड्या पाण्याच्या तलावापाशी गाईडने समुद्राखालच्या भुयाराची गोष्ट सांगितली. पडक्या मशिदीपाशी तो म्हणाला, “इथं बघण्यासारखं काही नाही.” स्वातंत्र्यानंतरही कित्येक वर्षं या किल्ल्यात माणसं राहत होती, चुली पेटत होत्या, हे त्याने सांगितलं नाही.

परतीची होडी लागायची होती. दरवाजापाशी मी त्याला बाजूला घेतलं, फत्तेखानाबद्दल विचारलं. त्याने माझ्याकडे नीट पाहिलं, मग बेगमकडे. हळू आवाजात म्हणाला, “सर, मी पण आपल्यातलाच.” राजापुरीचाच, मुसलमान घरातला. आजोबा होडी चालवायचे.

मी म्हणालो, “मग हे असं का सांगतोस?”

“सर, जे चालतं ते सांगतो. तीस माणसांत वाद झाला की टीप जाते. आधी एकदा दुसरं सांगून पाहिलं, तर एकाने मोबाइल सुरू केला, म्हणाला, तुझं नाव सांग. त्या दिवसापासून बंद.”

हे ऐकून मी गप्प झालो. दुपारभर ज्याच्यावर मनातल्या मनात चिडलो होतो, तो पोरगा स्वतःलाच ‘ते’ म्हणून विकत होता. दिवसातून कितीदा तरी. दहा-वीस रुपयांच्या टीपेसाठी आणि त्याहून जास्त भीतीपोटी. त्याच्या तोंडच्या ‘आपण’मध्ये त्याचंच ताट नव्हतं.

कुणी म्हणेल, लोक मजा करायला येतात, त्यांना कशाला इतिहास? साहेब, इतिहास तर सांगितला जातोच आहे. तो सांगू नका असं मी म्हटलं तर होडीतले तीसही जण पैसे परत मागतील. प्रश्न कोणता इतिहास, एवढाच आहे. ज्या नर्सताई, ज्या रिक्षावाल्या दादांनी शाळेनंतर इतिहासाचं पुस्तक उघडलं नसेल, त्यांच्यासाठी ही होडीच वर्ग आहे आणि तो पोरगाच मास्तर. या वर्गाला ना अभ्यासक्रम आहे ना तपासणी. वातानुकूलित गाडीने येणारा जाणकार प्रवासी आपलं पुस्तक सोबत आणतो. बजेट सहलीवाला गाईडच्या भरवशावर असतो. म्हणून खोट्या गोष्टीची किंमत तोच मोजतो, आणि त्याच्या शेजारी बसलेली ओढणीवाली पोरगी मोजते.

खरं सांगायला एक पैसाही जास्त लागत नाही. पाऊण तासच आहे ना, पाऊण तासात राम पाटील, फत्तेखान, लाय पाटील, दौलतखान सगळे बसतात. धक्क्यावर ठळक मराठीत लिहिलेला एक सविस्तर फलक हवा, म्हणजे गाईडला बोट दाखवता येईल, “मी म्हणत नाही, तिथं लिहिलंय.” त्या पोराला आज याच आधाराची गरज आहे. जिल्ह्यातल्या महाविद्यालयांच्या इतिहास विभागांनी पावसाळ्यात होड्या बंद असताना या पोरांसाठी चार दिवसांचा वर्ग घ्यावा. राजापुरीजवळ खोकरीचे घुमट आहेत, सिद्दी सरदारांच्या कबरी, देखणं दगडी काम. सहलींनी तिथे वीस मिनिटं थांबावं. आणि शाळांनी सहल काढण्याआधी एक तास वर्गात खर्च करावा. आमच्या नववीची सहल येत्या हिवाळ्यात जंजिऱ्याला न्यायचं मी मुख्याध्यापकांकडे मागितलं आहे. मुलांना द्यायला मराठीत दोन पानं आणि उर्दूत दोन पानं लिहून ठेवली आहेत.

तोवर जो कुणी जंजिऱ्याला जाईल, हिंदू असो वा मुसलमान, त्याला माझी विनंती आहे. होडीत गाईडला तीन प्रश्न विचारा. आवाज न चढवता, मोबाइल खिशात ठेवून. फत्तेखानाचं काय झालं? खांदेरीला महाराजांच्या बाजूने आरमार घेऊन कोण लढलं? आणि किल्ल्यात शेवटची चूल कधी विझली? त्याने एका जरी प्रश्नाचं खरं उत्तर दिलं तरी पन्नास रुपये जास्त द्या. सध्या त्याला अर्धवट गोष्टीचे पैसे मिळतात. पुऱ्या गोष्टीचेही मिळतात हे एकदा त्याला कळू द्या.

त्या चिमुरड्याला मी परतीच्या होडीत उत्तर दिलं होतं. म्हटलं, “नाही बाळा, आम्ही कल्याणचे. तू कुठला?” तो खुदकन हसून म्हणाला, “मी पण कल्याणचा!” मग आईकडे वळून म्हणाला, “आई, आपण सगळे कल्याणचेच आहोत.”

सात-आठ वर्षांच्या पोराने ‘आपण’ बरोबर वापरला. व्याकरणाचे पूर्ण गुण.